धुतलेली बाजरी

अन्याय झाला तो चिमण्यांच्या एका थव्यावर, होला पक्ष्यांच्या एका जोडीवर आणि माझ्या वडिलांवर. गेल्या वर्षी, भोगीच्या दिवशी सकाळी, ऊन आमच्या ओट्यावर उतरलं तेव्हा.

पत्रक लिहिताना मला हेच शिकवलंय. कुणावर झालं आणि कधी झालं, ते पहिल्या ओळीत. रडणं नंतर, आणि जमलं तर नकोच. मी पत्रकं काढते. रस्त्याकडेचे निंब कापले त्यावर, नदीतली वाळू उपसली त्यावर. आठवडे बाजारात उभी राहून वाटते, लोक त्यात भजी बांधून नेतात, तरी वाटते. ही गोष्ट मात्र पत्रकात मावली नाही. पत्रक एका पानाचं असतं. माझ्या बापाचा आवाज एका पानात बसणारा नव्हता.

दोंडाईच्याच्या मिरचीच्या लिलावात माझे वडील बोली पुकारायचे. आम्ही त्यांना नाना म्हणतो. अख्खा बाजारही नानाच म्हणायचा. लाल मिरचीच्या ढिगांमधून व्यापाऱ्यांचा घोळका सरकायचा आणि त्याच्या पुढे नाना. बाकीचे शिंकायचे, खोकायचे, नाकाला रुमाल लावायचे. नाना नुसते पुकारत राहायचे. वारा आमच्या बाजूचा असला की तो आवाज शाळेच्या वर्गात यायचा आणि शेजारची पोरगी मला कोपराने ढोसायची, "तुझा बाप ओरडतोय बघ." मी म्हणायची, "ओरडत नाहीये, भाव काढतोय."

त्याच माणसाला दिवाळीच्या तोंडावर ओट्यावर दात घासताना लकवा मारून गेला. धुळ्याला नेलं. जीव वाचला. उजवा हात, उजवा पाय निकामी झाला आणि बोलणं गेलं. डॉक्टर म्हणाले, "त्यांना कळतं सगळं. शब्द तेवढा बाहेर येत नाही." तेवढा! आयुष्यभर शब्दावर पोट भरलेल्या माणसाचा तेवढा शब्द.

धुळ्यालाच बोलणं शिकवणाऱ्या एक मॅडम होत्या. त्यांच्याकडे चित्रांचे पत्ते होते. कप, छत्री, पोपट. मॅडम पत्ता समोर धरायच्या आणि गोड आवाजात विचारायच्या, "नाना, हे काय आहे?" नाना कपाकडे बघायचे, मॅडमकडे बघायचे, मग माझ्याकडे. कप त्यांना माहीत होता. रोज बशीत ओतून चहा प्यायलेला माणूस तो. ओठ हलायचे, गळ्याची शीर फुगायची आणि काहीच यायचं नाही. परतताना गाडीत ते तोंड खिडकीकडे करून बसायचे. शेवटी शेवटी तर पत्ता दिसला की डोळेच मिटून घ्यायला लागले. मॅडम मला बाहेर बोलावून म्हणाल्या, "त्यांना बोलावंसं वाटेल असं काहीतरी शोधा. जबरदस्तीने बोलणं येत नाही."

ते काहीतरी अक्काने शोधलं. मी नाही.

अक्का आमची शेजारीण, भिंतीला भिंत. खेड्यावरची शेती मुलगा बघतो. ती इथे एकटी राहते आणि कुंपणाच्या पलीकडून आमच्या घरचा कारभार बघते. मी दारातून आत येत होते तर म्हणाली, "काय वं, तू बठ्ठ्या गावले पत्रकं वाटस, नानाले एक शब्द देता येस नही तुले?"

"तुम्ही द्या मग, अक्का."

"मी कोण देणारी? चिड्या देतीन."

चिडी म्हणजे चिमणी. तिने घरातून बाजरीच्या कणसांची जुडी आणली. खरिपाची, मुलाच्या शेतातली, खाण्यासाठी ठेवलेली. आमच्या अंगणात पेरूच्या झाडापासून ओट्याच्या खांबापर्यंत कपडे वाळत घालायची तार आहे, तिला ती जुडी टांगली. खाली मातीच्या परळात पाणी. फैजपूरकडे माझी मावशी असते, तिच्याकडून आलेल्या केळ्यांतलं एक काळं पडलेलं केळं सोलून पेरूच्या फांदीत खोचलं. आणि आम्ही नानांची खाट ओढून खिडकीला लावली.

आमच्याकडची थंडी ज्यांना माहीत नाही त्यांना सांगते, ती बोचत नाही, आत शिरून बसते. सकाळी गोधडीतून हात काढवत नाही. पाखरंही अशा वेळी अंग फुगवून तारेवर बसतात, नुसते गोळे. ऊन ओट्यावर आलं की सुटतात. पहिल्या दिवशी कुणी आलं नाही. दुसऱ्या दिवशी एक चिमणी आली, जुडीला उलटी लटकली, दाणा काढला, उडाली. मग दोघी आल्या. आठवडाभरात तारेवर जागेसाठी भांडणं. केळ्यावर बुलबुल. खाली सांडलेलं वेचायला होल्यांची जोडी. ओट्याच्या पायरीवर शेपटी खालीवर करत फिरणारा धोबी पक्षी, जो फक्त हिवाळ्यात येतो आणि दाण्याकडे ढुंकूनही बघत नाही. नाना बघत बसायचे. चहा निवायचा.

एके दिवशी अक्काने कुंपणापलीकडून हाक दिली, सहजच, रोजच्यासारखी, "नाना, चिडी शे का?"

आणि खिडकीतून आवाज आला. विहिरीच्या तळातून आल्यासारखा, पण आवाज.

"शे."

आई भाकरी थापत होती. ती पिठाच्या हातानेच बाहेर आली. "कोण बोललं? अक्का, तुम्ही बोललात?"

"मी नही म्हणनू," अक्का म्हणाली. मग तिने तिथेच उभं राहून पदर डोक्यावरून नीट घेतला.

शे. म्हणजे आहे. हा शब्द नानांनीच आमच्या तोंडातून काढून टाकला होता. आम्ही लहान असताना घरात कुणी अहिराणी बोललं की म्हणायचे, "शे नाही, आहे म्हण. शाळेत हसतील." आणि आता त्यांचं स्वतःचं डोकं एवढं विस्कटल्यावर आहे हा शब्द कुठच्या कुठे गेला. तळाशी उरलं होतं ते शे. मॅडमना सांगितलं तर त्यांनी लगेच पत्ता धरला, "नाना, कप आहे?" नाना शांतपणे म्हणाले, "शे." मॅडम हसल्या. "चालेल. शे पण चालेल."

त्यानंतर दुसरा शब्द आला तो नही. तो कावळ्यासाठी. कावळा तारेवर बसला, चिमण्या पांगल्या आणि नाना खाटेवरून गरजले, "नही! नही!" बाजारातला आवाज तो नव्हता, पण त्याचा पुतण्या तरी होता. कावळा उडाला. नाना आमच्याकडे असे बघायला लागले, जणू शेवटची बोली त्यांनीच पक्की केली.

मग रोज सकाळी हाच खेळ. "होला शे?" "शे." "साळुंकी आहे का नाना?" असं मी विचारलं की मला दुरुस्त करायचे: "शे." पुढे स्वतःच सांगायला लागले. "दोन शे." "केळं नही." म्हणजे केळं संपलं, दुसरं खोच. संक्रांत आठवड्यावर आली तेव्हा त्यांनी आईला हाक मारली होती, नावाने. लग्नानंतर पहिल्यांदाच मारली असेल. आई लाजली आणि मग मोरीत जाऊन रडली.

असं सगळं चाललं होतं, म्हणून सांगतेय. हे आमच्याकडे होतं.

कणसं संपली. नुसता भुसा तारेला लोंबत राहिला. मी म्हटलं, उद्या बाजारातून बाजरी आणते. अक्का म्हणाली, "बाजारमां काबरं जास? भोगी शे. मी देसू." भोगीला बाजरीची तीळ लावलेली भाकरी होते, त्या दिवशी पाखरांना बाजरी घालायची हे तिच्या घरचं जुनं वळण. तिच्याकडे एक उघडलेली पिशवी होती. उन्हाळी बाजरीच्या पेरणीतून उरलेलं बियाणं. वर्ष झालेलं, म्हणजे उगवण गेलेली, म्हणजे पेरायला निकामी, म्हणजे फेकायचं. अन्न फेकायचं कसं? बियाणं गुलाबी होतं, कीड लागू नये म्हणून औषध लावलेलं. ते तिलाही ठाऊक होतं. म्हणून तिने ते धुतलं.

आपल्याकडे धान्य कसं धुतात? पाणी निवळेपर्यंत. तांदूळ असो, ज्वारी असो, पहिलं पाणी गढूळ, दुसरं कमी, तिसरं स्वच्छ. तिसरं स्वच्छ आलं की धान्य स्वच्छ. हे कुणी शिकवत नाही, हाताला येतं. अक्काने तसंच केलं. गुलाबी पाणी ओतलं, फिकं गुलाबी ओतलं, आणि पाणी निवळल्यावर बाजरी गच्चीवर धोतराच्या फडक्यावर वाळवली. भोगीच्या सकाळी पितळी ताटलीत घेऊन आली. अंघोळ केलेली, नवं लुगडं. नानांना दिसेल अशी खिडकीसमोर ओट्यावर पसरली आणि आत भाजीचा वास आला म्हणून आईकडे गेली.

थवा उतरला.

मी आत केस विंचरत होते. नाना खिडकीत. थोड्या वेळाने स्टीलचा पेला खाटेच्या दांडीवर आपटल्याचा आवाज आला. मी गेले. नानांचं तोंड उघडं, डोळे बाहेर. "शे," ते म्हणाले. "शे, शे, शे."

"हो नाना, चिडी शे," मी म्हणाले. मला वाटलं, आनंद झालाय.

त्यांनी पेला पुन्हा आपटला. आईने पाणी आणलं. त्यांनी पाणी उडवून लावलं. मी लघवीचं भांडं आणलं. डाव्या हाताने त्यांनी ते ढकललं. "शे! नही! शे!" त्यांच्याकडे या कामाचे तेवढेच शब्द होते. थांबवा हा शब्द नव्हता. मरतात हा शब्द नव्हता. हाकला, विष, धावा, काही काही नव्हतं. हजार माणसांच्या गलक्यात ज्याचं ऐकू यायचं, तो माणूस हाताच्या अंतरावरून आम्हा तीन बायकांना काहीतरी सांगत होता आणि आम्ही त्याला पाणी पाजत होतो.

मग मी बाहेर बघितलं.

एक चिमणी कुशीवर पडून पंख घाशीत होती. एक बसली होती, पण अशी की मान छातीत गेलेली आणि मी हात लावला तरी उडेना. पेरूखाली दोन, तीन, मी मोजलं नाही. होल्याची मादी पायरी चढायचा प्रयत्न करत होती. धडकायची आणि मागे बसायची. नर तिच्याभोवती फिरत होता, आणि थोड्या वेळाने तोही बसला. चिवचिवाट नव्हता. रोज सकाळी जिथे कान किटायचे तिथे नुसते पंख फरशीवर घासल्याचा आवाज.

अक्का भाकरीचा घास हातात धरून दारात उभी. "काय व्हयनं?" तिने विचारलं. मग तिचं तिलाच कळलं. "नही वं माय. मी धुयी ना. बठ्ठा रंग गया ना. मंग काय राह्यनं तिनामां?"

पाणी पाजून बघितलं. एका डॉक्टरांना फोन लावला, जनावरांच्या; ते म्हणाले, गाय असती तर आलो असतो. दुपारपर्यंत सगळं संपलं. आईने पेरूखाली खड्डा केला. खिडकी लावून घेऊ या असं मी म्हटलं, पण नानांनी झडप धरून ठेवली. त्यांनी सगळं बघितलं.

ती रिकामी पिशवी घेऊन मी जळगावला गेले. त्या बियाणं कंपनीचा तिथे डेपो आहे. काउंटरवरचा माणूस माझ्यापेक्षा थोडा मोठा, सभ्य, चहा विचारणारा.

"ताई, पिशवीवर लिहिलंय सगळं."

"वाचा."

त्याने पिशवी जवळ धरली. मग लांब धरली. मग ट्यूबलाइटखाली गेला. "हे बघा, विषारी. खाण्यासाठी, चाऱ्यासाठी, तेलासाठी वापरू नये."

"मुंगीएवढ्या अक्षरात."

"रंग असतो ना ताई. ज्याला वाचता येत नाही त्याच्यासाठीच तर रंग देतो आम्ही."

"आणि रंग धुतला तर? धुतला तरी विष जात नाही, हे कुठे लिहिलंय?"

"पण धुतात कशाला?"

"कारण आमच्याकडे सगळं धुऊन खातात. केळी सोडून."

तो हसला. मग म्हणाला, "तुमचं नुकसान नक्की काय झालं? पीक, जनावर?"

"चिमण्या."

पुढचं हसू त्याने चहाच्या कपात लपवलं. मी त्याला नानांबद्दल सांगितलं नाही. सांगून काय होणार होतं? अमुक शेतकऱ्याचं अमुक पीक गेलं याला अर्जात रकाना असतो. बापाची दोन-चार शब्दांची भाषा गेली, याला रकाना नसतो.

कारण ती गेली. भोगीनंतर नाना शे म्हणाले नाहीत. एकदाही नाही. आईचं नाव गेलं, केळं गेलं, दोन गेलं. मी ओटा तीनदा घासला, परळ फोडून नवं आणलं, मावशीच्या घरून खाण्याची बाजरी कणसांसकट आणून टांगली. कुणी फिरकलं नाही. बुलबुल एकदा केळ्यापर्यंत आला आणि परत गेला. मोबाइलवर चिमण्यांचा आवाज लावून उशाशी ठेवला. नानांनी मान भिंतीकडे वळवली. एकदा मी स्वतः कुंपणापलीकडे उभी राहून, आजूबाजूचे बघत असताना, तोंडाने चिवचिव केलं. लाज वाटायची माझी वेळ निघून गेली होती. मॅडम म्हणाल्या, "प्रयत्न सोडू नका." मी त्यांना म्हणाले, मी सोडत नाहीये, ते सोडतायत.

अक्का यायची बंद झाली. मी भांडायलाच तिच्याकडे गेले होते, खोटं कशाला बोलू. ती चुलीपुढे बसली होती, चूल थंड.

"नाना काय म्हणस?"

"काही म्हणत नाहीत."

"मना नाव लेतस का?"

"नाही, अक्का. कुणाचंच घेत नाहीत."

ती हाताकडे बघत राहिली. "पानी निवळालगून धुयी," ती म्हणाली. "तू सांग, आखो कितला डाव धुवाले पाहिजे व्हती?"

अजून किती वेळा धुवायला हवी होती? ज्या बाईने माझ्या बापाला शब्द दिला, तीच बाई मला हे विचारत होती. आणि माझ्याकडे उत्तर होतं, भयंकर साधं. कितीही वेळा धुऊन उपयोग नव्हता. औषध रंगाबरोबर निघून जात नाही. वर्ष झालं म्हणून जात नाही. उन्हात वाळवलं म्हणून जात नाही. रंग ही नुसती धोक्याची पाटी आहे. पाटी पुसली म्हणजे विहीर बुजत नाही. हे एवढं वाक्य तिला कुणी सांगितलं नव्हतं. पिशवीने नाही, दुकानदाराने नाही. मी तिला घेऊन आले. नानांच्या खाटेशी बसवलं. नानांनी तिच्याकडे बघितलं आणि डावा हात उचलून तिच्या हातावर ठेवला. त्या दिवसापासून ती पुन्हा येते.

आता पुन्हा हिवाळा आहे. तारेला जुडी टांगली आहे, अक्काच्याच मुलाच्या शेतातली, कणसातली. धोबी आला आहे. त्याचं दाण्याशी देणंघेणं नाही. तारेवर कुणी बसत नाही. चिमण्या अजून गावात आहेत, पलीकडच्या गल्लीत मी त्यांचा आवाज ऐकते. मधल्या घरांच्या गच्च्यांवरून त्या येतात आणि आमच्यापर्यंत पोचतच नाहीत. त्या गच्च्यांवर काय वाळत पडलंय ते मी दारोदार जाऊन विचारते. दोन घरांत मला गुलाबी पाण्याची बादली दिसली. पुण्य म्हणून पाखरांना घालायला तिथेही बियाणं धुतलं होतं.

रोज सकाळी ऊन आलं की अक्का विचारते, "नाना, चिडी शे का?"

आणि रोज नाना उत्तर देतात, हे आत्ता मागच्या महिन्यापासून. "नही." कावळ्यावर ओरडायचे तसं नाही. हळू. बघून, खात्री करून. मॅडम म्हणतात, बोलले हे चांगलं लक्षण आहे. असेल. मी मात्र त्यांच्या तोंडाकडे बघू शकत नाही. माझ्या बापाकडे आता एकच शब्द आहे आणि तो नाही असा आहे.

तेव्हा वाचणाऱ्यांनो, शिंदखेड्यात असा, जळगावात असा, कुठेही असा: हे वाचून हळहळू नका. उठा. माळ्यावर, कोठीत, खतांच्या गोण्यांमागे पेरणीतून उरलेली बियाण्याची पिशवी आहे का बघा. गुलाबी, लाल, निळी, हिरवी, कुठल्याही रंगाची. ती धुवू नका. पाखरांना टाकू नका, कोंबड्यांना टाकू नका, कुणाला द्यायलाही काढू नका. विहिरीपासून आणि नाल्यापासून लांब खोल खड्डा खणा आणि पुरा. शेजारच्या घरी जा, तिथल्या अक्काला तोंडाने सांगा, तिच्या भाषेत सांगा: रंग गया, विष नही गयं. मग तुम्ही स्वतः खाल अशा बाजरीचं एक कणीस तारेला बांधा. आमची तार तुमच्या गच्चीच्या पुढे आहे. चिमणीला तिथपर्यंत जिवंत येऊ द्या.